खडकापाशी तीन हिसडे

शिमाच्या किनाऱ्यावर रीतच अशी, की शिंपले काढायला बाई बुडी मारणार आणि बुवा होडीत बसून तिची दोरी धरणार. मेहनत बाईची, संध्याकाळी पाठ दुखते बुवाची!

त्या सकाळी शिनो कमरेला दोरी बांधत होती. नवरा तोमेझो दुसरं टोक धरून बसलेला.

"मामंजी, आज तरी एखादा शब्द," तिने सासऱ्याला छेडलं. "माहेरी मी सांगितलंय, सासरा मुका नाही, चिक्कू आहे."

होडीच्या टोकाशी बसलेला म्हातारा गेन्साकू ढिम्म. या घरात जेवतानाही फक्त भात उचलायच्या काड्या वाजायच्या. त्यामागचं कारण गावाने तोमेझोला लहानपणीच सांगून ठेवलं होतं. गावाला असली कामं भारी आवडतात.

गेन्साकूची आई इथेच बुडी मारायची. महाखट्याळ बाई. उगाच दोरीला 'वर ओढा'चे तीन हिसडे द्यायची. नवऱ्याने घाबरून ओढलं की वर येऊन खिदळायची. एक दिवस हिसडे आले, तेव्हा होडीतला सात वर्षांचा गेन्साकू हसून म्हणाला, "ओढू नका बाबा, आई गंमत करतेय." बापाने ओढलं नाही.

तेव्हापासून गेन्साकूची वाचा बसली. तोमेझो तेव्हा जन्मलाही नव्हता, तरी दोरी नुसती थरथरली की घाम त्याला फुटायचा.

शिनोने बुडी मारली. पाणी निपचित. मग तीन हिसडे.

तोमेझो ओढू लागला, तोच होडीच्या दुसऱ्या बाजूला खिदळणं. शिनो! कमरेला दोरी नाही.

"फसलात की नाही? खडकाला बांधून आले. ओढा आता डोंगर!"

पण दोरी येत होती... बाईमाणसाइतकी जड. पुन्हा तीन हिसडे.

"अहो... सोडा ती," शिनोचं हसू विरलं. "मी पक्की गाठ मारली होती..."

त्याची बोटं सैल पडली.

"ओढ."

गंजलेला आवाज. बापाचा. तोमेझोने तो उभ्या जन्मात ऐकला नव्हता.

"बाबा, शिनो तर इथे आहे... मग खाली..."

"ओढ रे. या खेपेला तरी ओढ."

त्याने ओढलं. वर आली ती नुसती दोरी. पण होडी मात्र कलली, कुणीतरी चढावं तशी. कुजक्या शेवाळाचा वास सुटला.

भ्यालेल्या शिनोने डोळे मिटून हात वर केला आणि ती पाण्यातून धपकन होडीत येऊन पडली.

"केवढ्यांदा ओढलंत हो..." ती मनगट चोळत पुटपुटली. "आणि हात किती गार तुमचे."

तोमेझोच्या दोन्ही मुठींत दोरी होती. म्हाताऱ्याने दोन्ही तळव्यांनी तोंड झाकलं होतं.