लिटरला वीस मिली

तो पहिल्यांदा आला तेव्हा मी दुकानाचं शटर अर्धं खाली ओढलं होतं. कुंपण छाटायचं यंत्र छातीशी धरून तो खालून वाकून आत शिरला आणि आधी काय म्हणाला, तर माझ्या पाटीवर ‘दुरुस्ती’ चुकीचं लिहिलंय. छापखान्यात मुद्रितं तपासायचा म्हणे. माझ्या हातात पाना होता. तो मी खाली ठेवला, ही माझी सभ्यता.

यंत्र उघडलं तर पिस्टन जाम. टाकीत काय घातलंत, विचारलं. पेट्रोल, म्हणाला. आणि ऑइल? त्याने माझ्याकडे असं पाहिलं, जणू मी यंत्राला अंगडं शिवायला सांगितलंय.

मग स्टुलावर बसवून समजावलं. या टू-स्ट्रोक इंजिनात ऑइलला वेगळी जागा नसते. ते पेट्रोलमध्येच मिसळायचं, लिटरला वीस मिली, नाहीतर लोखंड लोखंडावर घासून संपतं. त्याने वहीत लिहून घेतलं... अक्षर सुरेख होतं, याचाही मला राग आला.

तीन आठवड्यांनी धुराचा लोट घेऊन हजर. गाडीच्या इंजिनाचं ऑइल घातलं होतं. “तुम्ही ऑइल म्हणालात, कुठलं ते नाही,” हे वर. पुढच्या खेपेला मिश्रण चार महिन्यांचं शिळं. कार्बोरेटरमध्ये चिकट डिंक. मी कपाळाला हात लावला. यंत्र साफ केलं, मापाचा कप आणला, लाल रंगाने त्यावर रेघ ओढली. एक लिटर पेट्रोल, रेघेपर्यंत टू-स्ट्रोक ऑइल, डबा हलवायचा, मग टाकीत. यापेक्षा सोपं करणं माझ्या हातात नव्हतं.

पंधरा दिवसांनी तो पुन्हा दारात. प्लग तेलाने काळा, चिकट. ऑइल जास्त झालेलं.

“मुद्दाम करता का हो तुम्ही?” मी विचारलं.

वाटलं, हसेल. पण त्याचे कान लाल झाले.

“वडील खिडकीत बसून असतात,” तो म्हणाला. “उजवा हात गेलाय त्यांचा. तीस वर्षं ते कुंपण त्यांनीच छाटलं. आता ते वाढलेलं बघतात आणि एक अक्षर बोलत नाहीत. हे मी मुद्दाम करीन?”

प्लग बदलून दिला आणि रविवारी येऊन बघते, म्हणाले.

रविवारी त्याने ओसरीवर सगळं ओळीने मांडून ठेवलं होतं. खिडकीत वडील. त्याने एक लिटर पेट्रोल डब्यात मोजलं, गुडघ्यांवर बसून कप डोळ्यांसमोर धरला, रेघेपर्यंत ऑइल भरून ओतलं. थेंबाचीही चूक नाही. मी कप हिसकावून घेतला... माझी लाल रेघ वीसवर नव्हती. चाळीसवर होती.

“मला दिसलं होतं,” तो हळूच म्हणाला. “वहीत वीस लिहिलंय. पण वाटलं, तुम्हाला माझ्यापेक्षा कळतं.”

“अरे, मग तोंड नाही का तुला? पाटीवरची चूक बरी सांगता येते!”

बोलून गेले, आणि मग कळलं की मी त्याला ‘अरे’ म्हणाले. त्यालाही कळलं असावं, कारण त्याने खाली बघत डब्याचं झाकण उगाच घट्ट केलं.

मी ते उघडलं आणि आणखी एक लिटर पेट्रोल ओतलं. आता दोन लिटरला चाळीस, म्हणजे जमलं. डबा हलवत मी सांगून टाकलं, चूक माझी होती.

“पण तुम्ही कधी मापात चुकत नाही,” तो म्हणाला. “रेघ ओढताना लक्ष कुठे होतं?”

त्या दिवशी तो काउंटरवर रेलून छापखान्यातली कुठलीशी गंमत सांगत होता. मी कपाकडे बघतच नव्हते. काहीही थाप मारता आली असती. पण चार खेपा त्याला फैलावर घेतल्यावर आता खोटं बोलायला तोंड राहिलं नव्हतं.

“तुझ्याकडे,” मी म्हणाले.

माझ्या हातातला डबा त्याने काढून घेतला आणि माझी बोटं मात्र सोडली नाहीत. खिडकीच्या काचेवर टकटक झाली. वडील डाव्या हाताने कुंपण दाखवत होते.

“थांबा की, बाबा,” तो म्हणाला, तसाच उभा राहून.