दहावी मात्रा

उत्कर्षा बुधवार पेठेत चार्जर घ्यायला गेली आणि फ्लॅमेन्को गिटारचा क्लास लावून आली. तिचा काही दोष नव्हता. दुकानाच्या वरच्या मजल्यावरून असे काही सूर येत होते, की चार्जर काउंटरवरच विसरून ती जिना चढली. वर समाधान नावाचा एक सावळा तरुण शिक्षक गिटारच्या तारांवर एकेक बोट झटकत होता.

"शिकायचंय, की पत्ता चुकलाय?" समाधानने मान वर न करता विचारलं.

"दोन्ही."

तो हसला... आणि तिथेच तिचं काम तमाम झालं.

क्लासची शिस्त मात्र कडक. ही स्पॅनिश गिटार पायरीपायरीने शिकायची. ताल मोजणाऱ्या मेट्रोनोमच्या टकटकीवर एक पायरी बिनचूक वाजली तरच पुढची. साऱ्या पायऱ्या झाल्या, की मोठ्या सरांच्या कोथरूडच्या बॅचला जायचं. म्हणजे समाधानची भेट बंद!

भराभर शिकणारी उत्कर्षा शेवटच्या पायरीवर अडली ती अडलीच. बारा मात्रांच्या आवर्तनात दहावीवर तिचं बोट हटकून घसरायचं. "पुन्हा," समाधान म्हणायचा. ती चेहरा पाडून, मनात खूश होऊन पुन्हा वाजवायची. तिला त्याला सोडून जायचंच नव्हतं. पावसाळा असाच सरला.

एका शनिवारी बाकीचे गेल्यावर त्याने मेट्रोनोम बंद केला.

"खरी चूक आज इथे होते, उद्या तिथे. तुमची चूक मात्र कधी चुकत नाही. दहावी मात्रा आली की हजर!"

तिचे कान तापले. "कळलं होतं, तर बोलला का नाहीत?"

"बोललो असतो, तर तुम्ही गेला असतात." तो खिडकीबाहेर बघत राहिला. "शिकवणाऱ्याने असं वागू नये. पण... तुमच्या हातात वाजवणं आहे, उत्कर्षा. माझ्यापायी इथे अडकू नका."

तिने गिटार मांडीवर घेतली. वाजवलं, अगदी स्वच्छ. दहावी मात्रा जिथल्या तिथे पडली. समाधानने डोळे मिटून घेतले.

"पास," तो हळूच म्हणाला.

"मग रविवारी कोथरूडला सोडायला याल?"

"येईन."

"आणि परत आणायला?"

"परत कशाला जाऊ? खालीच थांबेन... बॅच सुटेपर्यंत."

तिने हात पुढे केला. त्याने तो हातात घेतला, पण जपून. गिटारसाठी वाढवलेली तिची नखं मोडायला नकोत ना!