संथ कोठारातली ताई

त्या दुपारी धाकटी नेहमीसारखी बादली आणि फडकं घेऊन कोठाराची काच पुसायला निघाली. धाकटी म्हणायचं ते आपलं जुन्या सवयीने. केस पार पांढरे झाले होते, जिना चढताना गुडघे कुरकुरत होते. पण आत ताई होती, आणि ताई आहे तोवर ही धाकटीच.

त्या गावात वेळ सगळीकडे सारखा चालत नसे. बेकरीच्या गल्लीत तो धावत सुटायचा. पीठ मळून पाठ वळवली की फुगून तयार, आणि बेकरीवालाही ऐन तारुण्यात टकला. नदीकाठचं फळांचं कोठार मात्र मुद्दाम संथ जागेत बांधलेलं. तिथलं सफरचंद वर्षानुवर्षं ताजं राही. आत जाऊन एक पेटी उचलून आणावी, तर बाहेर अख्खा मोसम उलटून गेलेला असे. असल्या कामाला छाती लागते. ताई तिथली मुकादम होती.

एक दिवस कोठार पेटलं. होते तेवढे सगळे बाहेर पळाले. मागे राहिली ती अबोली. पेट्या रचणारी, जन्मापासून मुकी. ती बिचारी हाक तरी कशी मारणार? ताई दाराबाहेर पोचली होती. तिने माणसं मोजली, बहिणीला बजावलं, "कोणीही आत यायचं नाही!" आणि पदर खोचून पुन्हा आत शिरली.

त्यालाही आता आयुष्य लोटलं. आग लागल्यापासून आतला वेळ आणखीच मंदावला होता. काचेतून ताई दिसे, तशीच तरणीताठी. तिचं उचललेलं पाऊल जमिनीला टेकेपर्यंत झाडांची पानं गळून नवी फुटत. ज्वाळा वाळत घातलेल्या कापडासारख्या उभ्या होत्या. बंबाने मारलेलं पाणी अजून हवेतच लोंबकळत होतं, थेंब न् थेंब सुटा. आणि तिने अबोलीला मारलेली ती हाक… ताणून ताणून इतकी खोल गेली होती की तिचा नुसता घुमारा उरला होता. गावातली तान्ही बाळं त्या घुमाऱ्यात झोपी जात. भाजलेल्या सफरचंदांचा गोडसर, जळका वास घराघरांच्या भिंतींत मुरला होता.

"काय बाई तरी तू," काच पुसता पुसता धाकटी दरवेळी म्हणायची. "आम्ही लग्नं केली, पोरंबाळं वाढवली, भांडलो, म्हातारे झालो. आणि तू आपली अजून धावतेच आहेस."

सगळं गाव त्या धावण्याचं कौतुक करत मोठं झालं होतं. ताईने अबोलीला खांद्यावर घेतलं, तेव्हा लोक काचेपाशी उभे राहून रडले होते. मग धुरात ती भलतीकडेच, मागच्या भिंतीकडे वळली. कितीतरी वर्षं गावाच्या घशाखाली घास उतरला नाही. आणि एका हिवाळ्यात, कोण जाणे कशी, ती दाराच्या दिशेला फिरली.

आज धाकटीने फडकं पिळलं आणि तिचा हात थबकला. घुमारा बंद झाला होता. नदी वाहते हे जणू तिला पहिल्यांदाच ऐकू आलं.

दारातून आधी बोटं बाहेर आली. बाहेर येताच ती भराभर हलू लागली, हवा चाचपू लागली. मनगटामागची ताई मात्र अजून पुतळ्यासारखी. धाकटीने ती बोटं घट्ट पकडली. आताचा बेकरीवाला धावत आला. दोघांनी जीव खाऊन ओढलं, तशा ताई आणि अबोली धुरासकट बाहेर कोसळल्या.

अबोली खोकत होती. जिवंत होती!

"धाकटे, पाणी दे," ताई म्हणाली.

धाकटीने कुणीतरी आणलेला तांब्या तिच्यापुढे धरला. "ताई… ओळखलंस मला? एवढी म्हातारी झाले गं मी…"

"ओळखायचं काय त्यात? आत्ताच तर पाहिलं तुला आत, अशीच पांढऱ्या केसांची." ताई घटाघटा पाणी प्यायली. "येऊ नको म्हणून बजावलं होतं ना? पण बरं झालं आलीस. मी उलटी वळले होते. तू दंड धरून फिरवलंस म्हणून दार सापडलं."



"मी नव्हते, ताई…" धाकटी हळूच म्हणाली. "मी काचेच्या या बाजूला…"

"आत तुम्हा दोघींशिवाय कुणीच नव्हतं, मुकादमबाई," बेकरीवाला म्हणाला. "आम्ही सगळे बघत होतो."

ताईने अबोलीकडे पाहिलं. अबोलीने धाकटीकडे बोट दाखवलं, आणि हात जोडून तिच्यापुढे वाकली.

"हात दाखव," ताई म्हणाली. "पेटती तुळई उघड्या हाताने सारलीस तू. भाजलाय."

धाकटीने उजवा हात पुढे केला. ओला, सुरकुतलेला, स्वच्छ. ताईने तो उलटसुलट करून पाहिला. तळव्यावरून अंगठा फिरवला. मग तिने मान वर करून कोठाराच्या उघड्या दाराकडे पाहिलं, आणि तिचा चेहरा उतरला.

"अजून नाही भाजला… म्हणजे तू अजून आत जायची आहेस…" ती पुटपुटली, आणि बहिणीचं मनगट दोन्ही हातांनी करकचून धरलं.