उन्हात वाळलेलं बर्फ

बेलापूरच्या टेकडीवरच्या छायारचना प्रयोगशाळेत डॉ. प्रणाली घरत त्या दिवशी जरा नटूनच गेल्या होत्या. फोटो निघणार होते. अमेरिकन कवितेवर उभं आयुष्य घासलं होतं बाईंनी, एवढा हक्क होताच त्यांचा.

झालं होतं असं, की मोठ्या विदानाशात जगभरचे संगणकसाठे पुसले गेले आणि ज्या कविता फक्त पडद्यावर जगत होत्या त्या कायमच्या गेल्या. अमेरिकेतला ‘कोरा पंथ’ तर मुळापासून गेला, कारण या पंथाचे कवी कागदाला शिवतच नसत. त्यांच्यावर लिहिणाऱ्या प्राध्यापकांना मात्र बढतीसाठी छापील पुस्तक लागायचं. त्यामुळे कविता बुडाल्या आणि त्यांच्यावरचे जाडजूड ग्रंथ तेवढे सुखरूप राहिले. कणसं गेली, पेंढा उरला. आता या पेंढ्यातून कणीस पुन्हा उभं करायचं काम छायारचक यंत्राकडे होतं.

कोऱ्या पंथाचा सगळ्यात मोठा कवी ओरिन टॅलमेज, आणि त्याच्यावरचं मराठीतलं एकमेव मोठं पुस्तक प्रणालीताईंचं. ते चाचणीत उतरलं, तर टॅलमेजच्या कविता परत आणणारा आधारग्रंथ म्हणून त्याची जगभर नोंद होणार होती. ताईंना दुसरं काही नकोच होतं.

“पण माझं पुस्तक वाचून हे यंत्र त्याची कविता लिहिणार कशी?” त्यांनी विचारलं.

“लिहीत नाही, मॅडम. शोधतं,” यंत्राची प्रमुख डॉ. जुई वर्तक म्हणाली. “तुम्ही म्हणता, तिसरी ओळ मध्येच थांबते. म्हणजे जिथे ती थांबत नाही अशा सगळ्या शक्य कविता बाद. तुम्ही म्हणता, वडील पाठमोरे आहेत. आणखी कोट्यवधी बाद. अख्ख्या पुस्तकात अशी हजारो विधानं असतात. पोटाचा स्कॅन काढताना नाही का, चहूबाजूंनी सावल्या घेतात आणि आतला खडा कुठे आहे ते सांगतात? सावल्या पुरेशा झाल्या की एकच कविता उरते.”

“आणि समीक्षकाला कविता कळलीच नसेल तर?”

“मग विधानं एकमेकांना छेद देतात. काहीच उरत नाही, पडदा पांढरा राहतो. तसे बरेच ग्रंथ आले आमच्याकडे.”

प्रणालीताईंना हसू आवरेना. त्यातले दोन कुणाचे असणार, ते त्यांना न विचारताही माहीत होतं.

चाचणी सोपी होती. टॅलमेजची एकच कविता बचावली होती, तीही त्याच्या गावकऱ्यांनी वाचनालयाच्या दगडी भिंतीवर कोरून ठेवली म्हणून. तिच्यात दारापुढचं बर्फ वडील फावड्याने सारतात, आणि वळून बघतात तर मागे पुन्हा तेवढंच पडलेलं असतं. या कवितेवरचं प्रकरण यंत्राला द्यायचं आणि तीच कविता बाहेर येते का बघायचं. इतर भाषांतल्या सहा ग्रंथांमधून ती आली होती, ज्या त्या ग्रंथाच्या भाषेत. जुईने ताईंचं प्रकरण चढवलं, आणि चहाचा कप तोंडाला लावायच्या आत पडद्यावर ओळी उमटल्या.

*पांढऱ्यावर पांढरं*
*बाबा ओढत राहिले.*
*आभाळ वाळलं*
*आणि आम्ही ते पोत्यात भरलं.*

जुईने पडद्याच्या कोपऱ्यातले आकडे पुन्हा तपासले.

“ही ती नाही,” ताई म्हणाल्या. “बिघडलंय तुझं यंत्र.”

“यंत्राचा विश्वास नव्याण्णव टक्क्यांवर आहे, मॅडम. इतका स्वच्छ निकाल मी अजून पाहिला नाही.” जुई चाचरत बोलत होती. वयाने, मानाने मोठ्या बाईला हे सांगायचं म्हणजे जिवावरच आलं होतं तिच्या. “तुमचं गाजलेलं वाक्य घ्या. ‘टॅलमेजचा पांढरा रंग उन्हात वाळतो आणि ओठांवर त्याची चव राहते.’ बर्फ उन्हात वितळतं. वाळत नाही. आणि त्याला चव कसली? त्याच्या कवितेत शेवटी हातात काहीच राहत नाही. तुमचं अख्खं प्रकरण मात्र कष्टाची रास साठण्याबद्दल आहे.”

“लोकांनी त्याला मौलिक अर्थ म्हटलंय, जुई.”

“अर्थ चुकलेला नाहीये. म्हणून तर पडदा कोरा राहिला नाही. लिहिताना तुमच्या डोळ्यांसमोर जी कविता होती, तिच्याबद्दलचा शब्द न् शब्द खरा आहे. फक्त ती टॅलमेजची नव्हती. कुणाची आहे, मॅडम?”

प्रणालीताईंनी कप खाली ठेवला. ती कविता त्यांना पहिल्या ओळीलाच ओळखू आली होती.

त्यांचे वडील उरणच्या मिठागरात कामाला होते. उन्हात पाणी आटलं की लाकडी फळीने मीठ ओढायचं, रास घालायची, पोती भरायची. थोरला भाऊ हरेश्वर तेच करायचा आणि बांधावरून चालता चालता स्वतःच्या कविता धाकटीला म्हणून दाखवायचा. ही त्यातलीच. मग ती शिकायला अमेरिकेत गेली. त्या परक्या थंडीत टॅलमेज वाचताना तिला एकदम घरी आल्यासारखं वाटलं, आणि तिने धरून ठेवलं की हा आपला कवी. घर कुणाचं होतं, हे काही तिने तपासलं नाही.

एवढ्यावर भागलं असतं तर हसून सोडून देता आलं असतं. पण पुढे हरेश्वरदादाने कवितासंग्रह प्रकाशकाकडे दिला, आणि प्रकाशकाने तो मोठ्या विश्वासाने डॉ. प्रणाली घरत यांच्याकडे अभिप्रायाला पाठवला. भाऊ म्हणून सूट द्यायची नाही, असं बाईंनी ठरवलं. तिला प्रत्येक पानावर टॅलमेज दिसला. तिने लिहिलं: अमेरिकन कवीची नक्कल, छापू नये. आणि आपण किती निःपक्षपाती वागलो याचा वर अभिमान बाळगला.

ताईंना अंगावरची ती भारी साडी ओरबाडून फेकावीशी वाटली. नक्कल कुणी कुणाची केली होती?

“बाकीची प्रकरणं लाव,” त्या म्हणाल्या.

जुईने लावली. एकेक कविता येत गेली. भरतीचं पाणी अडवणारा बांध आला, आईची मिठाने पांढरी पडलेली पावलं आली. चारशे पानांच्या त्या विद्वत्तेत टॅलमेजची एकही कविता नव्हती. दादाचा सबंध संग्रह होता.

ताईंनी तिथूनच फोन लावला. फोनचा स्पीकर बंद करायचंही त्यांना सुचलं नाही, त्यामुळे जुईलाही सगळं ऐकू येत होतं.

“काय गो बाय, निघाले का फोटो?” हरेश्वरदादाचा आवाज म्हातारा झाला होता, पण तिच्या कौतुकाला अजून तसाच तयार होता.

“दादा, एक कविता वाचते. ऐक.” त्यांनी वाचली.

“ही टॅलमेजची का? यंत्राने काढली ती?” दादा हळूच म्हणाला. “म्हणजे तू म्हणाली होतीस ते खरंच होतं गो. माझीपण अशीच होती, शब्दाला शब्द. मी त्याला कधी वाचला नव्हता, पण कुठून तरी कानावर आलं असेल. बरं झालं तू तेव्हा छापू दिलं नाहीस. लाज गेली असती घरतांची.”

प्रणालीताई इथेच गप्प राहिल्या असत्या तर कुणाला काही कळलं नसतं. दादा समाधानात होता, आणि जुई तर मान खाली घालून बसली होती.

“टॅलमेजची नाही, दादा. त्याच्या कवितेत बर्फ आहे. मीठ तुझं आहे. मी त्याच्यावर म्हणून जे लिहिलं ते सगळं तुझ्यावर होतं. नक्कल तू नाही केलीस. माझं चुकलं, दादा. फार चुकलं.”

दादा रागावला असता, दोन शिव्या घातल्या असत्या, तर ताईंना सोसलं असतं.

“मग मी तेव्हा कवितांच्या त्या वह्या खाडीत कशाला सोडल्या गो?” त्याने विचारलं.