चौथा ठोका

सातपूरच्या त्या कॉलनीत थापांना तोटा नाही. पण ही थाप नाही.

तारीखही घ्या. १२ जानेवारी २००३, रविवार, संध्याकाळी साडेपाच. गंगापूर रोडवरचं एक मैदान, तिथे रॉकचा कार्यक्रम.

पैज आदल्या दिवशी नळावर लागली, शेखर आणि शेजारच्या पुंजाभाऊमध्ये. पुंजाभाऊ रात्रपाळी करून आलेला, तरी खोड काढायला एकदम ताजा.

"दिनेश गेला. आता तुझ्याच्यानं एकट्यानं एकबी पिक्चर पुरा व्हायचा नाय."

"होईल," शेखर म्हणाला.

"होळीपर्यंत झाला तर माझी मिशी. चौकात, सगळ्यांसमोर. नाय झाला तर तुझी शेंडी."

शेंडी म्हणजे शेखरची पोनीटेल.

"पण एकट्यानं हां."

शेखर हो म्हणाला. वाद घालायचंही त्राण नव्हतं. अकरा वर्षं पोटासाठी लग्नं आणि जिवासाठी रॉकचे कार्यक्रम शूट करून माणूस पार दमला होता. एकाही फिल्मला कुणी विचारलं नाही. ही शेवटची, मग कंपनीत लागतो, असं त्याने बायकोला सांगून टाकलं होतं. निदान एक धड फिल्म मागे राहावी, एवढंच.

त्याची एक पद्धत होती. दोन कॅमेरे स्टँडवर लावून चालू करायचे. मग ड्रमरने काठीवर काठी चार वेळा वाजवायची. त्या आवाजावर दोन्ही टेपा जुळवायच्या. नाहीतर गाणं एकीकडे, हात भलतीकडे.

हे चार ठोके कायम दिनेश द्यायचा. तिसऱ्यानंतर शेखरकडे बघून हसायचा, म्हणून चौथा जरा उशिरा यायचा.

पावसाळ्यात दिनेश मोटारसायकलवरून पडून गेला.

त्या रविवारी नवा ड्रमर उशिरा आला आणि आल्या आल्या सुरूच झाला. शेखर ठोके मागायला विसरला.

घरी टेपा बघितल्या, तेव्हा लक्षात आलं. दुसऱ्या टेपेत गाण्यांचा आवाज पार फाटलेला. जुळवणार कशावर?

शेखरने टेप सुरुवातीला नेली.

रिकामं स्टेज. ड्रमवर अजून ताडपत्री. माणूस नाही, काणूस नाही.

आणि...

टक. टक. टक.

...टक.

त्याने दुसरी टेप लावली.

टक. टक. टक.

...टक.

ताडपत्रीची घडीसुद्धा हलली नव्हती.

तो तसाच पुंजाभाऊच्या दारात गेला. "मस्करी केलीस ना? टेपेला हात लावलास?"

"आईशप्पथ नाय. मला टीव्हीचं बटण सापडत नाय, तुझी टेप कुठली?"

दोन दिवस शेखर टेपेकडे फिरकला नाही. मग बसला. त्या ठोक्यांवर दोन्ही टेपा अशा बसल्या, की एक काठी इकडची तिकडे नाही. फिल्म पुरी झाली.

होळीच्या दिवशी चौकात टीव्ही लागला. अख्ख्या कॉलनीने फिल्म बघितली. शिट्ट्या पडल्या. काळूने सलूनमधली खुर्ची बाहेर आणली, पुंजाभाऊच्या मिशीला साबण फासला.

"भाऊ, फोटो काढून ठेवा," कुणीतरी म्हणालं. "वहिनी ओळखायच्या नाहीत."

शेखर पुढे आला. "ऊठ, पुंजाभाऊ."

"का रं?"

"एकट्याने नाही केली मी."

भाऊ काहीतरी चावट बोलणार होता. शेखरचं तोंड बघून उठला.

शेखर खुर्चीत बसला. काळूने गळ्याभोवती टॉवेल गुंडाळला.

तेवढ्यात...

टक.

टक.

टक.

सगळ्यांनी काळूकडे बघितलं. काळूने दोन्ही हात वर केले. कात्री अजून खिशात होती.

"शेखर," साबणाच्या तोंडाने पुंजाभाऊ हळूच म्हणाला, "मी नाय हां."

"थांब काळू. एक राहिलाय."

काळू थांबला. चौक थांबला. टीव्हीवर नुसत्या मुंग्या.

बराच वेळ गेला. शेवटी शेखरनेच मान डोलावली. कात्री चालली. अकरा वर्षांची शेंडी मांडीवर पडली. कुणी हसलं नाही.

चौथा ठोका अजून आलेला नाही.