न दिलेली ओ

दार लोटून घ्या रे, आणि ज्याला घरी जायचंय त्याने आत्ताच जा. मध्येच उठून गोष्ट तोडलेली मला चालत नाही. ही ऐकीव नाही. ज्याच्यावर गुदरली तो हाकवेच्या, म्हणजे पडून राहिलेल्या हाका वेचून नेणारा, माझा लंगोटीयार.

आवाजाचा नियम तुम्ही शाळेत घोकलाय, पण घोकणं वेगळं नि भोगणं वेगळं. साधा आवाज विरतो. हाक विरत नाही. जिला ओ मिळाली नाही ती मारली तिथेच लटकून राहते, आणि ज्याला मारली त्याने ओ दिली तरच विझते. म्हणून तर तुमच्या आया 'ओ दे, मेल्या' म्हणून ओरडतात. शिवाय एकदा ओ दिली की पाय हाक मारली त्या जागी जातातच, मारणारा जिवंत असो नाहीतर मेलेला. मग मेलेल्याच्या हाकेला कोण शहाणा ओ देईल? तसल्या हाका हाकवेचे लोकरीच्या पिशवीत भरतात आणि विहिरीत बुडवतात. पाण्याखाली हाक मुकी होते.

तर मे महिन्यातली, शनिवारची रात्र. वीज गेलेली, झाडाचं पानही हलत नव्हतं. बर्फाच्या कारखान्याच्या मालकाने वेच्याला बोलावणं धाडलं. कारखाना वर्षभर बंद होता. आता गिऱ्हाईक आलं होतं, आणि त्याला थंड खोली साफ करून हवी होती. त्याच खोलीत मालकाचा थोरला भाऊ गोठून मेलेला. दारू पिऊन आत गेला आणि कोंडला गेला, असं या धाकट्याने सांगितलं आणि गावाने मान डोलावली. थोरला दारूच्या थेंबालाही शिवत नव्हता, असं त्याची बायको घसा फोडून सांगत राहिली. पण दुबळ्याचं कोण ऐकतं? तिला 'दारुड्याची विधवा' म्हणू लागले, दिराने घराबाहेर काढलं, आणि ती एका खोलीत लोकांचे कपडे शिवून पोट भरू लागली.

धाकट्याने वेच्याला किल्ली दिली आणि स्वतः फाटकाशीच उभा राहिला, दोन्ही कानांत कापूस कोंबून. चोराच्या मनात चांदणं! वेच्या पडला भोळा, त्याला वाटलं, भावाचं दुःख असेल.

खोलीचं दार गादीएवढं जाड. त्यातून श्वास बाहेर जायचा नाही, तर हाक कुठली जाणार? आत उकाडा साठलेला. दाराच्या मागेच, छातीच्या उंचीवर, ती लटकत होती. वेच्याने पिशवीचं तोंड उघडलं आणि ती त्याच्या कानावर आदळली.

"धाकट्या, दार उघड रे! बाहेर उभा आहेस, माहीत आहे मला. कडी तूच लावलीस ना? पुरे झाली चेष्टा... धाकट्या!"

वेच्याने ती पिशवीत कोंबली. त्याने कशीबशी पिशवी बांधली.

फाटकाशी धाकट्याने एका कानातला कापूस काढला. "काही... होतं का आत?"

"होतं, मालक."

"विहिरीकडे जा. सरळ. वाटेत कुठे टेकू नकोस."

वेच्या निघाला. पिशवी पाठीवर धडपडत होती. विहिरीची वाट वहिनीच्या, म्हणजे थोरल्याच्या त्या विधवेच्या, खोलीवरून जाते. कंदिलाच्या उजेडात तिचं शिलाई मशीन चालू होतं. ही हाक एकदा पाण्यात गेली की तिच्या नवऱ्याचं नाव कायमचं बुडालं, हे वेच्याला कळत होतं. पाय उचलेना. तेवढ्यात पिशवीतून दबका आवाज आला.

"धाकट्या..."

मशीन थांबलं.

"भाऊजी," वहिनी आतूनच म्हणाली, "पिशवीत कोण आहे तुमच्या?"

त्याने बोटभर तोंड सैल केलं. तिने सगळं ऐकलं, शेवटपर्यंत. रडली नाही. दाताने दोरा तोडला.

"बुडवू नका. ज्याची आहे त्याला नेऊन द्या."

"वहिनी, त्याने ओ दिली तर तो जाईल हो."

"जाऊ दे."

तुम्ही काय म्हणाल ते म्हणा, मला तिचं पटतं.

वेच्या मागे फिरला. मालकाच्या खिडकीशी गेला. गजांतून पिशवी आत धरली. गाठ सोडली.

"धाकट्या..."

आत खाट कुरकुरली.

"दार उघड रे, धाकट्या..."

कापूस होता कानात. पण नावाची हाक कापसाने अडत नाही.

काहीच नाही. मग पुन्हा. मग पुन्हा...

...आणि मग आतून आवाज आला. बाप्याचा नव्हे. खेळता खेळता पोर देतं, तसा.

"ओ, दादा..."

हाक विझली.

दार उघडलं. धाकटा बाहेर आला. अनवाणी. डोळे सताड उघडे. वेच्याला घासून गेला. दिसला नाही त्याला वेच्या. कारखान्याच्या वाटेला लागला...

वेच्या पहाटेपर्यंत जागचा हलला नाही.

सकाळी पहारेकऱ्याला थंड खोलीची कडी बाहेरून लावलेली दिसली. त्याने काठीने ती सरकवली. धाकटा दाराशी पडला होता, गेलेला. आणि त्याच्या डोक्यावर त्याची स्वतःची हाक लटकत होती. जमलेल्या सगळ्या गावाने ऐकली.

"वहिनी! कडी काढा हो! दादाला मीच कोंडलं, तो प्यायला नव्हता... वहिनी!"

वेच्या पिशवी घेऊन पुढे झाला. वहिनीने त्याचा हात धरला.

"राहू द्या लटकत. जो येईल त्याला ऐकू दे."

"तुम्ही ओ..."

"मी? मेले तरी देणार नाही."

गर्दीत कुणीतरी पुटपुटलं, "कडी हिनेच लावली असणार."

तिने ऐकलं. दाराशी गेली आणि थबकली. मग सगळ्यांनीच पाहिलं. यंत्र वर्षभर बंद, वीज नाही, उन्हाने लोखंड तापलेलं... आणि कडीवर बर्फ. पांढरा, घट्ट. त्यात चार बोटं उमटलेली.

वहिनीने त्या बोटांवर आपली बोटं ठेवली.

तिची बोटं पेरभर कमी पडली. तरी तिने हात काढला नाही.