काशीरामच्या मागचा माणूस

फोन खाली ठेवा आणि ऐका. देवेश माझ्या भाच्याचा, नितेशचा दोस्त, म्हणून मला हे ठाऊक.

गेल्या वर्षीची मार्गशीर्ष अमावस्या, शुक्रवार, रात्री अकराचा सुमार. देवेश मुलुंडला गेला तो रिकाम्या चाळीची शांतता टिपायला. माहितीपट बनवायचा तो. चाळ कोकणातून आलेल्या गिरणी कामगारांची. बिऱ्हाडं हललेली, सोमवारी पाडकाम. या लोकांच्या रीती कुठेतरी राहाव्यात म्हणून दोन वर्षं राबला. सगळं मिळालं, एक सोडून.

पिंपळाखालचा शेंदरी दगड म्हणजे चाळीचा राखणदार. त्याला गाऱ्हाणं घालायचा काशीराम. प्रत्येक घरासाठी तो मागणं मागायचा, बाकीचे मागून "व्हय म्हाराजा" म्हणायचे. ते शब्द दुसऱ्या कुणाला येत नव्हते. आणि शेवटच्या गाऱ्हाण्याला देवेशचा माईक बंद राहिला.

"काका, पुन्हा एकदा म्हणा ना. फक्त कॅमेऱ्यासाठी."

"देवाक एकदाच सांगूचा असता. तो काय बहिरो आसा?"

लोक हसले. आठवड्याच्या आत काशीराम गेला.

"मग दुसरा माणूस नेमायचा ना," जान्हवी, तू असंच म्हणणार. अगं, तो जाणाऱ्यानेच नेमायचा असतो. काशीरामने कुणाला नेमलं नव्हतं.

त्या रात्री देवेशने दगडापुढे माईक लावला. या वेळी दोनदा तपासला. रिकाम्या खोल्यांची शांतता भरून घेतली. काम झालं होतं, पण त्याला उठवेना. एवढी माणसं बोलली, आणि ज्याच्यासाठी आलो तेच गेलं. त्याला रडू फुटलं.

"म्हाराजा, एकदाच ऐकव. मागशील ते करीन."

चाळीत कुणी नव्हतं...

मग खोकला आला.

काशीरामचा.

दगडामागून तो बोलू लागला. सावकाश. एकेका घराचं नाव घेत. आणि कुलूप लावलेल्या खोल्यांतून उत्तर आलं...

व्हय म्हाराजा.

देवेशची नजर माईकच्या लाल दिव्यावर. मिळतंय. पळू नकोस. मिळतंय.

आवाज जवळ आला. अगदी कानाशी.

"आणि माझ्या मागसून... ह्यो पोरगो तुका सांगतलो."

खोल्या गप्प. वाट बघत...

देवेशने दोन्ही हातांनी तोंड दाबलं. बोटांच्या फटीतून शब्द निघालाच.

"व्हय म्हाराजा."

माईक उचलून तो पळत सुटला.

रेकॉर्डिंग आता नितेशकडे आहे. देवेश ते घरात ठेवत नाही. मी ऐकलंय. गाऱ्हाणं पुरं आहे. घराघराची नावं आहेत, मागे माणसांचा होकार आहे. पण काशीराम त्यात कुठेच नाही. पहिल्या शब्दापासून आवाज देवेशचा. अस्सल मालवणीत.

देवेश जन्मापासून बोरीवलीचा. त्याला मालवणी येत नाही.